विगमन आणि वैज्ञानिक पद्धती: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

विज्ञानाचा जवळजवळ प्रत्येक नियम पाहिलेल्या मोजक्या गोष्टींवरून न पाहिलेल्या असंख्य गोष्टींबद्दल काही सांगत असतो. ही उडी कशाच्या बळावर घ्यायची, याविषयी तर्कशास्त्राचे विद्यार्थी, विज्ञानशिक्षक आणि जिज्ञासू वाचक जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतात, ते येथे घेतले आहेत. उत्तरांमागे एक भूमिका आहे आणि ती आधीच सांगितलेली बरी. अपवाद जिथे सापडण्याची शक्यता सर्वाधिक होती तिथे आपण तो किती कसोशीने शोधला, यावर अनुमानाचे वजन ठरते. अनुकूल उदाहरणांची नुसती संख्या त्यात फारशी भर घालत नाही.

विगमन म्हणजे काय, आणि ते निगमनापेक्षा वेगळे कशात आहे?

निगमनात आधारविधाने खरी असतील तर निष्कर्ष खोटा असूच शकत नाही. सर्व धातू विजेचे वाहक आहेत आणि तांबे हा धातू आहे, एवढे मान्य केले की तांबे विजेचे वाहक आहे हे नाकारण्याची सोय उरत नाही. विगमनात अशी सक्ती नसते. पारा तापवला, तो प्रसरण पावला. तेल, स्पिरिट, ग्लिसरीन तापवले, तीही प्रसरण पावली. तेव्हा द्रव तापवला की प्रसरण पावतो, असा निष्कर्ष आपण काढतो. यातील प्रत्येक निरीक्षण खरे आहे. तरीही निष्कर्ष चुकीचा आहे, कारण पाणी ० ते ४ अंश सेल्सिअस या पट्ट्यात तापवले असता आकुंचन पावते.

निगमन सामान्याकडून विशेषाकडे जाते आणि विगमन विशेषाकडून सामान्याकडे, अशी व्याख्या पाठ्यपुस्तकांत अनेकदा आढळते. ती पुरेशी नाही. गेल्या दहा वर्षांच्या पावसावरून येत्या एका वर्षाबद्दल केलेले अनुमान विशेषाकडून विशेषाकडे जाते, तरी ते विगमनच असते. निष्कर्ष आधारापेक्षा अधिक काही सांगतो का, हा खरा निकष आहे.

सगळीच्या सगळी उदाहरणे तपासली तर?

तर ते अनुमान राहत नाही, ती सिद्धता होते. देवळालीचे शिक्षक आणि गणितज्ञ द. रा. कापरेकर यांचा ६१७४ हा स्थिरांक याचे सुंदर उदाहरण आहे. सर्व अंक सारखे नसलेली कोणतीही चार अंकी संख्या घ्या, तिचे अंक उतरत्या आणि चढत्या क्रमाने मांडून वजाबाकी करा आणि आलेल्या उत्तरावर तीच कृती पुन्हा करा. ३५२४ घेतली तर ५४३२ − २३४५ = ३०८७, मग ८७३० − ०३७८ = ८३५२, मग ८५३२ − २३५८ = ६१७४. पुढे ७६४१ − १४६७ पुन्हा ६१७४ च देते. ही कृती जास्तीत जास्त सात पायऱ्यांत ६१७४ वर पोहोचते, हे खात्रीने सांगता येते, कारण पुढची शून्ये धरूनही अशा संख्या ९,९९० च आहेत आणि त्या सर्व तपासता येतात.

याच्या शेजारी गोल्डबाखचे अनुमान ठेवून पाहावे. २ पेक्षा मोठी प्रत्येक सम संख्या दोन मूळ संख्यांची बेरीज असते, हे ४ वर १८ शून्ये इतक्या मोठ्या संख्येपर्यंत संगणकाने तपासले गेले आहे आणि एकही अपवाद सापडलेला नाही. तरीही गणितज्ञ त्याला सिद्ध मानत नाहीत, आणि ते बरोबर आहे. n² + n + ४१ या राशीत n च्या जागी ० ते ३९ घातले तर लागोपाठ ४० वेळा मूळ संख्याच मिळते; n = ४० घातले की १६८१ मिळते, आणि ती ४१ × ४१ आहे. चाळीस अनुकूल उदाहरणांनंतरचे एकेचाळिसावे नियम मोडते, आणि राशीची रचना पाहिली असती तर ते कुठे मोडणार हे आधीच कळले असते.

मग गणितातील ‘गणिती विगमन’ कोणत्या प्रकारात मोडते?

ते निगमनच आहे. पहिल्या संख्येसाठी विधान खरे असणे आणि कोणत्याही संख्येसाठी खरे असल्यास पुढच्या संख्येसाठीही खरे असणे, हे दोन्ही सिद्ध केल्यावर निष्कर्ष अटळपणे येतो. नावातील साम्यामुळे गोंधळ होतो, इतकेच.

ह्यूमचा आक्षेप नेमका काय होता? ‘आजवर असेच होत आले आहे’ हे उत्तर पुरेसे का नाही?

स्कॉटिश तत्त्वज्ञ डेव्हिड ह्यूम याने १७३९ मध्ये आणि नंतर १७४८ मध्ये अधिक सुटसुटीतपणे मांडलेला प्रश्न असा होता की, पाहिलेल्यावरून न पाहिलेल्याकडे जाताना आपण निसर्ग एकसारखा वागतो असे मनातल्या मनात गृहीत धरतो, त्या गृहीताला आधार काय? निव्वळ विचाराने ते सिद्ध होत नाही, कारण उद्यापासून निसर्ग वेगळा वागेल ही कल्पना आत्मविसंगत नाही. अनुभवाने सिद्ध करावे तर आपण म्हणणार की निसर्ग आजवर एकसारखा वागला, म्हणून पुढेही वागेल. पण हेच तर सिद्ध करायचे होते. आधार मागितला असता तीच वस्तू आधार म्हणून पुढे करणे, याला आपल्या परंपरेत आत्माश्रय दोष म्हणतात.

ह्यूमने अनुमान करणे सोडून द्या असे मुळीच सांगितले नव्हते. तसे करणे माणसाला शक्य नाही, हे त्याने स्वतःच लिहिले आहे. सवयीने आपले मन कारणाकडून कार्याकडे जाते. त्याचे म्हणणे इतकेच की ही सवय आहे, युक्तिवाद नव्हे. पुढच्या जवळजवळ तीनशे वर्षांत अनेक उत्तरे दिली गेली. माझ्या मते त्यांपैकी एकानेही हा आक्षेप संपूर्णपणे निकालात काढलेला नाही. परंतु सर्वच अनुमानांना अंतिम हमी नसली तरी सर्व अनुमाने सारखीच कच्ची ठरत नाहीत, आणि विज्ञानाचे काम चांगले अनुमान वाईटापासून वेगळे काढण्याच्या या दुसऱ्या प्रश्नावर चालते.

हा प्रश्न भारतीय दर्शनांत कोणी उपस्थित केला होता का?

होय, आणि ह्यूमच्या कित्येक शतके आधी. चार्वाकांची मते आपल्याला बहुतांशी त्यांच्या विरोधकांच्या ग्रंथांतून कळतात. त्यांनुसार चार्वाकांचा आक्षेप असा: डोंगरावरील धुरावरून अग्नीचे अनुमान करायचे तर ‘जिथे धूर तिथे अग्नी’ ही व्याप्ती, म्हणजे दोघांची अपवादरहित सोबत, सर्व काळ आणि सर्व स्थळे व्यापणारी असली पाहिजे, पण प्रत्यक्ष, म्हणजे इंद्रियांनी होणारे ज्ञान, भूतकाळापर्यंत आणि दूरदेशापर्यंत पोहोचत नाही, आणि अनुमानाने व्याप्ती सिद्ध करावी तर त्या अनुमानालाही पुन्हा व्याप्ती लागते. नैयायिक (न्याय दर्शनाचे अनुयायी) उदयनाचार्यांनी यावर दिलेले उत्तर असे की, शंकेलाही मर्यादा असते, आणि ज्या क्षणी ती शंका घेणाऱ्याच्या स्वतःच्या वागण्याला छेद देते त्या क्षणी ती थांबते. ज्याला धूर हवा असतो तो अग्नीच पेटवतो, आणि भूक लागली की अन्नाकडेच वळतो. हे उत्तर व्यवहारापुरते भक्कम आहे, पण ‘आपण असे वागतो’ यातून ‘असे वागणे युक्त आहे’ हे निघत नाही, म्हणून चार्वाकाचे तोंड त्याने पूर्ण बंद होत नाही.

नैयायिकांचे अधिक मोलाचे देणे मला दुसरीकडे दिसते, ते म्हणजे उपाधीचा विचार. ‘जिथे धूर तिथे अग्नी’ टिकते, पण ‘जिथे अग्नी तिथे धूर’ टिकत नाही, कारण तापून लाल झालेल्या लोखंडाच्या गोळ्यात अग्नी असतो आणि धूर नसतो. चुलीपाशी दोन्ही नेहमी एकत्र दिसतात, ते सरपण ओले असते म्हणून. ओले सरपण ही तिथली उपाधी: ती लपलेली अट, जिच्यामुळे दोन गोष्टी एकत्र दिसतात आणि जी काढून घेतली की त्यांची सोबत सुटते. हजार चुली पाहूनही ही अट कळत नाही; लोहाराच्या भट्टीतला एक गोळा पाहिला की कळते. पुढच्या बहुतेक उत्तरांत हाच मुद्दा वेगवेगळ्या रूपांत येईल.

एखादा नियम मानण्यासाठी किती उदाहरणे पुरेशी असतात?

ठरावीक आकडा नाही. जॉन स्टुअर्ट मिल याने १८४३ च्या आपल्या तर्कशास्त्रावरील ग्रंथात विचारले होते की, काही बाबतींत एकच उदाहरण पुरते आणि काही बाबतींत असंख्य उदाहरणेही अपुरी पडतात, हे कसे? एखाद्या शुद्ध मूलद्रव्याचा वितळणबिंदू एकदा काळजीपूर्वक मोजला की जगातल्या त्या मूलद्रव्याच्या प्रत्येक तुकड्याबद्दल आपण निःशंक बोलतो. याचे कारण असे की, एका मूलद्रव्याचे नमुने या बाबतीत एकमेकांसारखे असतात हे इतर ज्ञानाने आधीच पक्के झालेले असते. उपाधी लपायला जागाच उरलेली नसते. माणसांच्या स्वभावाविषयी किंवा बाजारभावाविषयी हजार नोंदी असल्या तरी अशा जागा अगणित असतात. एकाच परिस्थितीतली शंभर उदाहरणे जे सांगत नाहीत ते मुद्दाम वेगवेगळ्या परिस्थितींतून निवडलेली पाच उदाहरणे पुष्कळदा सांगून जातात.

दोन गोष्टी एकत्र दिसतात, त्यांत कारणसंबंध आहे हे कसे ठरवायचे?

याचे उत्तर मुंबईच्या इतिहासात आहे आणि ते थोडे विस्ताराने सांगण्यासारखे आहे.

१८९६ च्या उत्तरार्धात मुंबईत प्लेग सुरू झाला. तो घाणीतून, दूषित हवेतून, रोग्याच्या स्पर्शातून आणि कपड्यांतून पसरतो, असा सर्वसाधारण समज होता, आणि त्याला अनुकूल उदाहरणांची कमतरता नव्हती. रोग दाटीच्या, अंधाऱ्या, अस्वच्छ वस्त्यांत अधिक होता. एका घरात एक रोगी निघाला की दुसराही निघत असे. सरकारी उपायही याच अनुमानावर उभे होते. १८९७ मध्ये पुण्यात सैनिकांनी घरात शिरून घेतलेल्या झडत्या, सामानाची जाळपोळ आणि माणसांना उचलून छावण्यांत नेणे, या साऱ्याने लोकांचा किती संताप झाला हे महाराष्ट्राला वेगळे सांगायला नको. एका अपुऱ्या अनुमानाची किंमत इतकी मोठी असू शकते.

१८९८ मध्ये फ्रेंच डॉक्टर पॉल-लुई सिमाँ यांनी कराचीत आजारी आणि निरोगी उंदीर परस्परांना स्पर्श करू शकणार नाहीत, पण पिसवा मात्र एकाकडून दुसऱ्याकडे जाऊ शकतील अशा रीतीने ठेवले, आणि निरोगी उंदीर प्लेगने मेला. त्या वेळच्या प्लेग आयोगाने हे म्हणणे स्वीकारले नाही. निर्णायक प्रयोग व्हायला १९०५ नंतरचा काळ उजाडावा लागला, आणि ते परळच्या प्रयोगशाळेत, म्हणजे आजच्या हाफकिन संस्थेच्या आवारात झाले.

तिथे सहा लहान खोल्या बांधल्या गेल्या. दोन खोल्यांवर देशी कौले होती, ज्यांत उंदीर सहज घर करतात. दोनांवर सपाट कौले, ज्यांत ते कमी राहतात. आणि उरलेल्या दोनांवर पन्हळी पत्रे, ज्यांत त्यांना थारा नसतो. प्रत्येक छपराखाली तारेची जाळी होती, जेणेकरून उंदीर खाली उतरू नयेत पण पिसवा पडू शकाव्यात. छपरांत उंदीर रुळल्यावर सर्व खोल्यांत निरोगी गिनीपिग आणि प्लेगची लागण केलेले, पण पिसवारहित गिनीपिग एकत्र सोडले गेले. देशी कौलांच्या खोल्यांत निरोगी प्राणी प्लेगने मेले. पत्र्याच्या खोल्यांत मात्र निरोगी प्राणी आजाऱ्यांच्या अंगाला अंग लावून, त्याच घाणीत, तीच हवा घेत राहिले आणि तरीही धडधाकट राहिले. मग त्याच पत्र्याच्या खोल्यांत बाहेरून पिसवा आणून सोडल्या, आणि तिथेही प्लेग सुरू झाला. आणखी एका प्रयोगात काही पिंजरे जमिनीलगत आणि काही दोन फूट उंच टांगले गेले. पिसूची उडी काही इंचांचीच असल्यामुळे उंच टांगलेले प्राणी वाचले.

या रचनेत तर्क कसा भिनला आहे ते पाहावे. पत्र्याच्या खोलीत स्पर्श, हवा, घाण ही सर्व संशयित कारणे हजर ठेवली आणि एकच गोष्ट वगळली, तेव्हा रोग गेला. नंतर तेवढी एकच गोष्ट परत आणली, तेव्हा रोग आला. मिलने याला व्यतिरेकाची पद्धत म्हणून मांडले होते. नैयायिकांच्या भाषेत सांगायचे तर घाण आणि प्लेग यांच्या सोबतीमागची उपाधी पकडली गेली: अस्वच्छ वस्तीत उंदीर असतात आणि उंदरांवर पिसवा. आधीची शेकडो अनुकूल उदाहरणे खोटी नव्हती. ती दोन स्पर्धक गृहीतकांमध्ये भेद करू शकत नव्हती, एवढेच त्यांचे उणेपण होते.

प्रयोग करणे शक्यच नसेल तर? भरपूर जुन्या नोंदी असल्या की पुरे होते का?

पाऊस प्रयोगशाळेत पाडता येत नाही, म्हणून मान्सूनचा दीर्घ पल्ल्याचा अंदाज हा नोंदींवर आधारलेल्या विगमनाचा कस पाहणारा विषय आहे. हिमालयातील बर्फ आणि पुढचा पाऊस यांच्या संबंधावरून हेन्री ब्लॅनफर्ड यांनी १८८० च्या दशकात अंदाज वर्तवायला सुरुवात केली. १९०४ पासून वीस वर्षे वेधशाळांचे प्रमुख असलेले गणिती गिल्बर्ट वॉकर यांनी जगभरच्या हवामानाच्या नोंदींमध्ये सहसंबंध शोधले आणि त्यातून पॅसिफिक व हिंदी महासागरांवरील वायुदाबाचा हेलकावा लक्षात आला. १९२८ मध्ये हवामान खात्याचे मुख्यालय सिमल्याहून पुण्याला आले, आणि शिवाजीनगरच्या त्या इमारतीला पुणेकर आजही ‘सिमला ऑफिस’च म्हणतात.

पुण्याचेच वसंत गोवारीकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी विकसित केलेले सोळा घटकांचे प्रारूप १९८८ पासून अधिकृतपणे वापरात आले. निरनिराळ्या ठिकाणचे तापमान, वायुदाब, वारे, बर्फाचे आच्छादन असे सोळा निर्देशक आणि त्यांचा पावसाशी असलेला गणिती संबंध, अशी त्याची रचना होती. आपल्या देशातच उभे राहिलेले ते धाडसी आणि प्रामाणिक काम होते. वर्षामागून वर्ष अंदाज आणि प्रत्यक्ष पाऊस यांचा ढोबळ मेळ बसत गेला आणि प्रारूपावरचा विश्वास वाढत गेला. २००२ मध्ये त्याने सामान्य पावसाचा अंदाज दिला. प्रत्यक्षात पाऊस सरासरीपेक्षा १९ टक्के कमी पडला, जुलैमध्ये तर सरासरीच्या निम्म्याच्या आसपास. २००३ पासून नवी प्रारूपे आली, आणि २००४ मध्ये तीही तुटीचा अंदाज देऊ शकली नाहीत.

येथे काय चुकले असे विचारले जाते तेव्हा मी १९८८ ते २००१ या चौदा वर्षांकडे बोट दाखवतो. या काळात देशव्यापी दुष्काळाचे एकही वर्ष आले नाही. दरवर्षी डोळे मिटून ‘यंदा दुष्काळ नाही’ असे म्हणणाराही त्या चौदा वर्षांत एकदाही चुकला नसता. म्हणजे प्रारूपाच्या यशाची नोंद मोठी दिसत होती, पण ते चुकीचे असते तर उघडे पडले असते अशी परीक्षा त्या काळाने घेतलीच नव्हती. शिवाय जुने सहसंबंध स्वतःच बदलत असतात. एल निनो, म्हणजे पॅसिफिकचे पाणी नेहमीपेक्षा तापणे, सहसा भारतातील पाऊस घटवतो; पण १९९७ मध्ये विसाव्या शतकातील अत्यंत तीव्र एल निनोंपैकी एक असूनही भारतात पाऊस सरासरीइतका झाला. सोळा निर्देशक आणि काही दशकांच्या नोंदी असताना भूतकाळाशी जुळणारा संबंध सापडणे अवघड नसते; तो संबंध ज्या अटींवर उभा आहे त्या पुढेही टिकतील का, हे नोंदी स्वतःहून सांगत नाहीत. आजच्या प्रचंड विदासाठ्यांवर चालणाऱ्या संगणकीय प्रारूपांनाही हाच प्रश्न विचारला पाहिजे, आणि तो विचारला जातोच असे नाही.

पॉपर यांनी विगमनाची गरजच नाकारली होती ना?

तत्त्वज्ञ कार्ल पॉपर यांनी १९३४ पासून सातत्याने मांडले की, विज्ञान नियम सिद्ध करत नाही. ते धाडसी गृहीतके मांडते आणि ती खोडून काढण्याचा प्रयत्न करते. कितीही अनुकूल उदाहरणे सर्वव्यापी नियम सिद्ध करू शकत नाहीत, पण एक विपरीत उदाहरण तो खोडू शकते. कोणत्या निरीक्षणाने आपला सिद्धांत चुकीचा ठरेल हे आधी सांगता आले पाहिजे, ही त्यांची अट वैज्ञानिक विचाराला मिळालेली फार मोठी शिस्त आहे, आणि कठोर परीक्षेचा जो मुद्दा वर आला तो बव्हंशी त्यांचाच आहे.

परंतु विगमन यातून टळत नाही. कठोर परीक्षांतून तरलेल्या सिद्धांतावर पूल बांधावा की न तपासलेल्या सिद्धांतावर, असे विचारले तर प्रत्येक शहाणा माणूस पहिला निवडेल. का निवडावा? त्याने आजवर परीक्षा दिल्या म्हणून पुढेही तो टिकण्याची आशा अधिक, असे म्हटले की विगमन मागच्या दाराने परत आले. तसे म्हणायचे नाही, तर निवडीला आधार उरत नाही. पॉपर यांच्यावरचा हा आक्षेप मला निरुत्तर करणारा वाटतो.

एक विपरीत निरीक्षण आले की सिद्धांत सोडून द्यायचा का?

तसे केले असते तर न्यूटनचा सिद्धांत एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धातच सोडावा लागला असता, कारण युरेनस गणिताने सांगितलेल्या जागी दिसत नव्हता. खगोलज्ञांनी गुरुत्वाकर्षणाचा नियम ठेवला आणि एखादा अज्ञात ग्रह असावा असे मानले. अर्बें ल व्हेरिए यांनी त्याची जागा गणिताने काढली आणि सप्टेंबर १८४६ मध्ये बर्लिनच्या वेधशाळेतून नेपच्यून जवळजवळ तिथेच दिसला. पुढे बुधाच्या कक्षेतही, शतकाला सुमारे ४३ विकला (विकला म्हणजे अंशाचा ३६०० वा भाग) इतका, हिशेबात न बसणारा फरक आढळला. ल व्हेरिए यांनी १८५९ मध्ये तीच युक्ती वापरून सूर्याजवळ आणखी एक ग्रह कल्पिला, त्याला व्हल्कन हे नावही मिळाले, पण तो कधीच सापडला नाही. या वेळी नियमच अपुरा होता. १९१५ मध्ये आइन्स्टाइनच्या सामान्य सापेक्षता सिद्धांताने तो फरक नेमका दिला.

निरीक्षण कधीच एकट्या नियमाची परीक्षा घेत नाही, तर नियम, पूरक गृहीते आणि उपकरणे अशा संपूर्ण जुडग्याची घेते, हे प्येर द्युएम यांनी १९०६ मध्ये दाखवून दिले. जुडग्यातले काय बदलायचे याचा तयार नियम नाही. मात्र नेपच्यूनची कल्पना आकाशाच्या ठरावीक ठिकाणी दुर्बीण रोखून तपासता येत होती, आणि सिद्धांत वाचवण्यासाठी घेतलेले पूरक गृहीत असे स्वतंत्रपणे तपासता येणारे असावे, एवढी मागणी करता येते.

संभाव्यतेच्या गणिताने हा प्रश्न सुटत नाही का?

नेमकेपणा येतो, प्रश्न सुटत नाही. लाप्लास यांच्या सूत्रानुसार एखादी घटना n वेळा सलग घडली असेल, तर ती पुढच्या वेळी घडण्याची संभाव्यता (n + १)/(n + २) असते. चौदा वर्षे दुष्काळ पडला नाही, म्हणून पंधराव्या वर्षीही न पडण्याची संभाव्यता १५/१६, म्हणजे जवळपास ९४ टक्के. पण मोजणी १८७७, १८९९, १९१८, १९७२, १९८७ ही वर्षे सामावणाऱ्या दीर्घ नोंदींपासून सुरू केली तर उत्तर बरेच खाली येते. सूत्र दोन्ही वेळा तेच आहे. कोणती मालिका मोजायची हे सूत्राच्या बाहेर ठरते. बेझ यांच्या नावाने ओळखली जाणारी पद्धत, जिचा मूळ निबंध त्यांच्या मृत्यूनंतर १७६३ मध्ये प्रसिद्ध झाला, नव्या पुराव्याने विश्वास किती बदलावा हे उत्तम रीतीने सांगते, आणि पुरावा स्पर्धक गृहीतकांमध्ये किती भेद करतो यालाच ती महत्त्व देते. सुरुवातीचा विश्वास किती असावा, हे मात्र तिला बाहेरूनच द्यावे लागते.

निरीक्षणे गोळा केली की त्यांतून सिद्धांत आपोआप निघतो का?

नाही. खगोलज्ञ टायको ब्राहे यांच्या मंगळाच्या नोंदी खगोलज्ञ केप्लरपाशी होत्या, पण लंबवर्तुळ त्या नोंदींत लिहिलेले नव्हते; ती कल्पना केप्लरला आणावी लागली. त्याची एक मांडणी नोंदींशी अवघ्या ८ कलांच्या (कला म्हणजे अंशाचा ६० वा भाग) फरकाने जुळत नव्हती आणि टायकोची निरीक्षणे इतकी चुकीची असणार नाहीत या विश्वासाने त्याने ती टाकून दिली. निष्कर्ष १६०९ मध्ये प्रसिद्ध झाले. कल्पना कुठूनही येवो, तिची झडती मात्र कठोर हवी.

‘या औषधाने आमच्याकडे अनेकांना गुण आला’ हा पुरावा नव्हे का?

तो चौकशी सुरू करण्याइतका पुरावा आहे, मान्य करण्याइतका नाही. ज्यांना गुण आला ते सांगतात, ज्यांना आला नाही ते गप्प राहतात किंवा उरत नाहीत. कित्येक आजार आपोआप बरे होतात. आणि औषध घेणारी माणसे बहुधा इतर काळजीही अधिक घेत असतात. या ज्ञात उपाधी झाल्या. अज्ञात उपाधींचे काय करायचे, या प्रश्नाला विसाव्या शतकाने दिलेले उत्तर म्हणजे रोग्यांची यादृच्छिक, म्हणजे चिठ्ठ्या टाकल्यासारखी, विभागणी. ब्रिटनमध्ये १९४८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या स्ट्रेप्टोमायसिनच्या चाचणीत कोणत्या रोग्याला औषध द्यायचे हे डॉक्टरांनी न ठरवता यादृच्छिक अंकांनी ठरवले गेले. असे केल्याने जी कारणे आपल्या ध्यानीमनीही नाहीत, तीसुद्धा दोन्ही गटांत सारखी वाटली जाण्याकडे कल राहतो.

याचे भारतातील उदाहरण त्याहून बोलके आहे. क्षयरोग्याला विश्रांती, सकस आहार आणि मोकळी हवा मिळाली तरच तो बरा होतो, अशी पिढ्यानपिढ्यांची खात्री होती. मिरजेजवळच्या वॉनलेसवाडीसारखी आरोग्यधामे याच विचारातून उभी राहिली आणि तिथे बरे झालेले असंख्य रोगी या खात्रीचे साक्षीदार होते. १९५६ मध्ये मद्रासमध्ये क्षयरोगाच्या औषधोपचारांचे केंद्र सुरू झाले, आणि तेथील रोग्यांना यादृच्छिक पद्धतीने दोन गटांत विभागून दोघांनाही तीच औषधे दिली गेली: एका गटाला आरोग्यधामात, दुसऱ्याला स्वतःच्या घरी, बहुतेकदा दाटीच्या वस्तीत आणि अपुऱ्या आहारावर. १९५९ मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध झाले तेव्हा घरी उपचार घेतलेल्यांचा गुण आरोग्यधामातील रोग्यांच्या जवळपास बरोबरीचा होता, आणि घरातल्या माणसांना त्यामुळे होणारी लागणही लक्षणीयरीत्या वाढलेली आढळली नाही. त्यानंतर जगभर क्षयरोगाचा उपचार आरोग्यधामांतून रोग्याच्या घराकडे वळला.